एकाच आवाजात शिकलेला ‘ळ’ बाजारात का ऐकू येत नाही?

प्रश्न : भुसावळला रेल्वे, ऑर्डनन्स फॅक्टरी आणि बँकांमध्ये बदलीवर आलेल्या हिंदीभाषक कर्मचाऱ्यांसाठी मी संध्याकाळी मराठीचा वर्ग घेते. ‘ल’ आणि ‘ळ’ यांतला फरक माझ्या तोंडून त्यांना बरोबर ओळखता येतो. बाहेर पडले, की ‘केली’ आणि ‘केळी’ त्यांना एकच वाटतं. वेगवेगळ्या लोकांच्या आवाजात सराव घ्यावा असं वाचलं, पण तो नेमका घ्यायचा कसा? आपल्याकडे कितीतरी माणसं ‘ळ’च्या जागी ‘य’ म्हणतात, त्यांचे आवाज घ्यायचे की टाळायचे? आणि बोलण्याचा सराव कधी सुरू करायचा?

उत्तर : ताई, तुमच्या प्रश्नातच निदान आलेलं आहे. वर्गात जमतं आणि बाहेर जमत नाही, याचा अर्थ ही मंडळी अजून ‘ळ’ शिकलेली नाहीत, ती तुमचा ‘ळ’ शिकली आहेत. घरच्या विहिरीत पोहायला शिकलेलं पोर तापीत उतरलं की गांगरतं, तसं त्यांचं होतंय.

तुम्ही ‘केळी’ म्हणता तेव्हा त्यांच्या कानावर नुसता ‘ळ’ पडत नाही. तुमच्या आवाजाची पट्टी, ‘ळ’वर नकळत दिलेला जोर, शब्द सुटा करून म्हणण्याची शिक्षकी सवय, तोंडाची हालचाल, हे सगळं एकदम पोचतं. त्यातलं जे पकडायला सोपं असेल ते शिकणारा पकडतो, आणि बहुतेक वेळा ते ‘ळ’ नसतं, तुमचा जोर असतो. केळीवाल्याला असा जोर द्यायची काहीच गरज नसते. तो भराभर बोलतो, आणि शिकणाऱ्याने धरून ठेवलेली खूणच तिथे नसते. माणसं बदलत गेली, की ज्या खुणांचा ‘ळ’शी संबंध नाही त्या प्रत्येक आवाजात वेगळ्या निघतात आणि निरुपयोगी ठरतात. सगळ्यांत सारखं राहतं तेवढंच कान धरून ठेवतो. या पद्धतीमागचा विचार एवढाच आहे.

हा विचार जपानी लोकांना इंग्रजीतले ‘र’ आणि ‘ल’ शिकवताना तपासला गेला. ‘रॉक’ आणि ‘लॉक’ हे शब्द अनेक जपानी प्रौढांना सारखे ऐकू येतात. १९८४ साली स्ट्रेंज आणि डिटमन या संशोधकांनी यंत्राने तयार केलेल्या ‘रॉक-लॉक’ अशा ध्वनींवर सराव घेतला. ‘हे दोन ध्वनी सारखे की वेगळे’ एवढंच विचारायचं, असा तो सराव होता. त्या ध्वनींवर प्रगती झाली, पण माणसांनी उच्चारलेल्या खऱ्या शब्दांपर्यंत ती पोचली नाही. मग १९९१ मध्ये अमेरिकेतल्या इंडियाना विद्यापीठात लोगन, लाइव्हली आणि पिसोनी यांनी वेगळी वाट धरली. खरे शब्द घेतले, ५ जणांच्या आवाजात घेतले, ‘र’ आणि ‘ल’ शब्दात निरनिराळ्या जागी येतील असे निवडले, ‘सारखे की वेगळे’ न विचारता ‘या दोनपैकी कोणता शब्द’ असं विचारलं आणि प्रत्येक उत्तरानंतर लगेच चूक-बरोबर सांगितलं. १५ सत्रांनंतर बरोबर उत्तरांचं प्रमाण सुमारे ७८ टक्क्यांवरून ८६ टक्क्यांच्या आसपास गेलं. १९९३ मध्ये त्यांनीच काही जणांना एकाच आवाजात शिकवून पाहिलं. त्या आवाजापुरती प्रगती झाली, नव्या आवाजावर ती टिकली नाही. तुमच्या वर्गात घडतंय ते हेच.

या अभ्यासांत माणसं थोडी होती. १९९१च्या प्रयोगात तर फक्त ६ जण ऐकणारे होते. २०२२ मध्ये दीडशेहून अधिक जपानी भाषकांना घेऊन हाच प्रयोग पुन्हा केला गेला. सरावाचा फायदा तिथेही झाला, पण एका आवाजापेक्षा अनेक आवाज सरस असतात याचा भक्कम पुरावा मिळाला नाही. हे मी मुद्दाम सांगते आहे. नुसते आवाज वाढवले की काम झालं, अशा समजुतीत राहू नका. खरे शब्द, ओळखायला लावणं आणि लगेच मिळणारं उत्तर हा सरावाचा गाभा आहे. आवाजांची विविधता मी तरीही ठेवते, कारण आपल्या शिकणाऱ्यांना शेवटी दहा जणांच्या गर्दीत ऐकायचं आहे आणि त्याची सवय कधीतरी लावावीच लागते.

आता ‘ळ’कडे येऊ. ‘ल’ म्हणताना जिभेचं टोक वरच्या दातांमागे टेकतं. ‘ळ’ म्हणताना ते मागे वळून टाळूला क्षणभर लागतं आणि सुटतं. तो स्पर्श इतका थोडा वेळ असतो, की नुसत्या ‘ळ’वर कान ठेवून फार हाती लागत नाही. जीभ आधीच वळायला लागलेली असल्याने आधीचा स्वर बदलतो, आणि खरी खूण तिथे असते. ‘काळ’मधला ‘आ’ शेवटाकडे ‘काल’मधल्या ‘आ’पेक्षा वेगळा वळतो. म्हणून ‘ळ-ळ-ळ’ असा सुटा उच्चार ऐकवून उपयोग होत नाही, शब्दच ऐकवावा लागतो. मराठीत ‘ळ’ शब्दाच्या सुरुवातीला येत नाही हे आपल्या पथ्यावर पडतं. त्याच्या आधी स्वर हमखास असतो, आणि तपासायच्या जागा दोनच उरतात, मधली आणि शेवटची.

सराव सुरू करण्याआधी एक काम कराच. सगळ्यांना ‘ळ’चे दहाबारा शब्द ऐकवा आणि जे ऐकू आलं ते हिंदीच्या सवयीने लिहायला सांगा. काही जण सरळ ‘ल’ लिहितील. काही जण मात्र ‘ड़’ लिहितील, ‘घोड़ा’तला. हे दोन गट अगदी वेगळे आहेत. ज्यांना ‘ड़’ ऐकू येतो त्यांच्या कानात ‘ल’ आणि ‘ळ’ आधीच दोन घरांत बसलेले आहेत, त्यांची ‘ल-ळ’ची अडचण चार दिवसांची. त्यांना पुढे वेगळीच अडचण येते. मराठीतला स्वरानंतरचा ‘ड’ही तसाच जीभ आपटून निघतो, त्यामुळे ‘माडी’ आणि ‘माळी’, ‘गोडी’ आणि ‘गोळी’, ‘वेड’ आणि ‘वेळ’ यांत ते अडकतात. त्यांना ‘ळ-ड’च्या जोड्या द्या. आणि ‘हिंदीभाषक’ हा शिक्का फार गंभीरपणे घेऊ नका. कागदावर हिंदी लिहिणारा माणूस घरी मारवाडी किंवा हरियाणवी बोलत असेल, तर त्याच्या कानाला ‘ळ’ जन्मापासून ओळखीचा असतो, त्याला या सरावात बसवून त्याचा वेळ घालवू नये. गुजरातीभाषकांचंही तसंच.

अजून एक गोष्ट शिकणाऱ्यांना सांगण्यासारखी आहे. अनेक जण ‘आमचा कानच तसा’ म्हणून आधीच हार मानतात. वर्कर आणि टीझ यांनी १९८४ साली दाखवलं, की इंग्रजी घरातल्या ६ ते ८ महिन्यांच्या बाळांना हिंदीतल्या ‘त’ आणि ‘ट’ यांतला फरक कळतो. वर्षाची होत आली, की बहुतेकांची ती जाण मावळते, कारण घरात तो फरक कोणी करत नाही. म्हणजे कानात दोष नसतो. ज्या फरकाने अर्थ बदलत नाही त्याकडे दुर्लक्ष करायला मेंदू शिकलेला असतो, आणि प्रौढ माणूस सरावाने त्याला पुन्हा लक्ष द्यायला शिकवू शकतो. हे ऐकल्यावर चेहरे बदलतात.

शब्द निवडताना दोन्ही शब्द ओळखीचे असावेत. एक रोजचा आणि एक पोथीतला असला, की माणूस कान बाजूला ठेवून ओळखीचा शब्द निवडतो. शेवटच्या जागेसाठी काल-काळ, वेल-वेळ, माल-माळ, गाल-गाळ, चाल-चाळ, मूल-मूळ, ओल-ओळ. मधल्या जागेसाठी केली-केळी, मला-मळा, काला-काळा, मुली-मुळी, ओली-ओळी, पाली-पाळी. आधीचा स्वर बदलता ठेवा. नुसत्या ‘आ’नंतरच्या जोड्यांवर तयार झालेला कान ‘मूळ’ आणि ‘शीळ’ला फसतो. रावेर-यावलच्या केळीच्या पट्ट्याजवळ राहणाऱ्यांना ‘केळी’ हा शब्द काही नव्याने शिकवावा लागत नाही, म्हणून मी सुरुवात तिथूनच करते. आणि स्टेशनांची नावं वापरा. रेल्वेच्या माणसांना ती तोंडपाठ असतात: जळगाव, भुसावळ, चाळीसगाव, अमळनेर, धुळे. हिंदीत ती ‘ल’ने लिहिली-बोलली जातात, त्यामुळे कानाला ‘ल’चीच अपेक्षा असते. त्यांच्यात यावल आणि एरंडोल मिसळा, म्हणजे गावाचं नाव दिसलं की ‘ळ’ म्हणायचं असं होणार नाही.

आवाज सरावासाठी पाच-सहा जणांचे पुरतात. बायका, पुरुष, एखादी सत्तरीतली आजी, एखादं शाळकरी पोर. भराभर बोलणारा एक तरी हवाच. याशिवाय दोन आवाज बाजूला काढून ठेवा. ते सरावात अजिबात वापरायचे नाहीत, ते परीक्षेसाठी. काही शब्दही तसेच राखून ठेवा. मोबाइलचं साधं रेकॉर्डिंग चालतं, पण पंखा आणि कूलर बंद हवा. भुसावळच्या मे महिन्यात ते कोणाला सोसणार नाही, म्हणून सकाळी लवकर बोलवा. ज्यांचा आवाज घ्याल त्यांना तो कशासाठी वापरणार हे सांगून त्यांची परवानगी घ्या.

रेकॉर्डिंगमध्ये सगळ्यात जास्त बिघाड होतो तो जोड्या वाचायला दिल्याने. ‘काल, काळ’ असं लागोपाठ वाचायला दिलं, की वाचणाऱ्याच्या लक्षात येतं आणि तो ‘ळ’ ठासून म्हणतो. यादी विस्कटून द्या, मध्ये भलतेच शब्द घाला आणि प्रत्येक शब्द ‘मी अमुक म्हटलं’ अशा वाक्यात बोलून घ्या. नंतर ऑडेसिटीसारख्या मोफत सॉफ्टवेअरवर शब्द वेगळे कापा आणि सगळ्यांचा आवाज सारख्या पातळीवर आणा. मग यादी न दाखवता दोन मराठी माणसांना ते ऐकवा. दोघांनाही एकच शब्द ऐकू आला नाही तर तो तुकडा टाकून द्या. हे काम कंटाळवाणं आहे, तरी टाळू नका. शिकणारा बरोबर असताना त्याला ‘चूक’ म्हणणारा एक तुकडा बराच सराव बिघडवतो. संगणकाची सवय असेल तर ॲमस्टरडॅम विद्यापीठात तयार झालेल्या ‘प्राट’ या मोफत सॉफ्टवेअरमध्ये असा ओळखण्याचा सराव बसवता येतो. नसेल तर मोबाइलवर तुकडा वाजवणं आणि दोन चित्रांपैकी एकावर बोट ठेवायला लावणं एवढंही चालतं.

सत्र पंधरा-वीस मिनिटांचं, त्याहून लांबलं की कान थकतो आणि माणूस अंदाजावर येतो. शब्द एकदाच वाजवायचा. उत्तर घ्यायचं. लगेच बरोबर-चूक सांगायचं, आणि चुकलं असेल तर तोच तुकडा योग्य चित्र दाखवून पुन्हा ऐकवायचा. या ठिकाणी शिक्षकांची जीभ फार शिवशिवते. ‘बघा, असं म्हणतात, केळ्ळी’ असं आपण मध्येच बोलतो. तसं केलं की पुन्हा तुमचाच आवाज आणि तुमचाच जोर कानावर जातो. त्या पंधरा मिनिटांत तुम्ही गप्प राहायचं. आठवड्यातून चार-पाच दिवस, तीन आठवडे. एका रविवारी दोन तास बसवून हे होत नाही.

सगळ्यांना पहिल्या दिवसापासून सगळे आवाज मिसळून देऊ नका. पेराकिओनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०११ मध्ये दाखवलं, की ज्यांचा कान सुरुवातीलाच तयार असतो त्यांना आवाजांची सरमिसळ मानवते, आणि ज्यांचा नसतो ते तिने आणखी गोंधळतात. एका वेळी एकच आवाज देऊन, मग दुसरा, मग तिसरा, असं गेलं की कच्च्या कानाच्या लोकांनाही सोसतं. त्यांचा प्रयोग आवाजाच्या पट्टीच्या चढउतारावर बेतलेल्या शब्दांचा होता, पण वर्गात मला हेच दिसतं. म्हणून पहिल्या आठवड्यात एक दिवस एक आवाज, दुसऱ्या आठवड्यात एका सत्रात दोन-तीन, आणि तिसऱ्यात पूर्ण मिसळ. वर्गातला सर्वांत मागे राहणारा विद्यार्थी तिसऱ्या आठवड्यातही अडखळत असेल तर त्याला दुसऱ्याच आठवड्याच्या टप्प्यावर राहू द्या. यात त्याचा कमीपणा नाही.

परीक्षा सरावाआधी एकदा आणि नंतर एकदा, दोन्ही वेळा त्या राखून ठेवलेल्या आवाजांत, आणि परीक्षेत चूक-बरोबर सांगायचं नाही. ४० शब्द घ्या, २० ‘ल’चे आणि २० ‘ळ’चे. डोळे मिटून उत्तरं दिली तरी २०च्या आसपास बरोबर येतात, त्यामुळे २६च्या खालचा आकडा मी ‘ऐकू आलं’ या खात्यात धरत नाही. एकूण गुणांबरोबर दोन्हींचे गुण वेगळे मांडा. एखाद्याला ‘ळ’चे १९ आणि ‘ल’चे ८ पडले असतील, तर त्याला ‘ळ’ ऐकू येत नसून तो घाबरून सगळीकडे ‘ळ’ म्हणतोय. नुसती बेरीज पाहून हे लक्षात येत नाही.

आता तुमचा खानदेशचा प्रश्न, मला सर्वांत महत्त्वाचा वाटणारा. अहिराणीत आणि लेवा गणबोलीत ‘ळ’च्या जागी ‘य’ येतो. शाळा ती ‘शाया’, डोळा तो ‘डोया’, काळा तो ‘काया’. बँकेच्या काउंटरवर किंवा दवाखान्यात तुमच्या विद्यार्थ्यांसमोर येणारी माणसं हेच बोलणार, म्हणून ते शिकवणं टाळता येत नाही. पण ते ‘ल-ळ’च्या सरावात मिसळू नका. आवाजांची विविधता म्हणजे माणूस बदलतो आणि ध्वनीची खूण तीच राहते. इथे खूणच बदलते. ‘काया’ ऐकवून ‘ळ’चं चित्र बरोबर ठरवलं, तर शिकणारा समजेल की ‘ळ’ कसाही असू शकतो, आणि नुकतंच जमू लागलेलं मोडेल.

अहिराणी बोलणारी माणसं मात्र सरावात जरूर घ्या. घरी ‘डोया’ म्हणणारे कितीतरी जण मराठी बोलताना स्वच्छ ‘ळ’ म्हणतात, आणि त्यांच्या बोलण्याला खानदेशी हेल असतो. तुमच्या शिकणाऱ्यांना रोज ऐकायचा आहे तो हाच हेल. पुण्याच्या बातम्यांच्या आवाजापेक्षा जामनेरच्या किंवा पारोळ्याच्या माणसाचा ‘ळ’ इथे जास्त उपयोगाचा. ‘य’चं काम तीन आठवडे संपल्यावर वेगळं घ्या, आणि ते पूर्ण वाक्यांतून घ्या. ‘मन्हा डोया दुखस’, ‘पोऱ्या शायामा जास’ अशी वाक्यं ऐकवून अर्थ विचारायचा. इथे दोन ध्वनींत फरक करायचा नसतो, कानावर पडलेल्या ‘य’मागचा ‘ळ’ ओळखायचा असतो, आणि त्याला वाक्याचा आधार लागतो. एकट्या ‘काया’वरून ते शरीर की काळा रंग हे कोणालाच सांगता येणार नाही.

हे शिकवताना ‘इथले लोक चुकीचं बोलतात’ हे वाक्य वर्गात येऊ देऊ नका, विद्यार्थ्यांच्या तोंडूनही नाही. अहिराणीचे स्वतःचे नियम आहेत, आणि ‘ळ’चा ‘य’ होणं हा त्यातलाच एक. बाहेरून आलेल्या अधिकाऱ्याने मराठी शिकता शिकता समोरच्या शेतकऱ्याच्या बोलीला हसायला शिकावं, यापेक्षा त्याने मराठी न शिकलेली बरी, इतकं मला हे लागतं. आपल्या जिल्हा परिषदेच्या शाळांतल्या अहिराणीभाषक मुलांनाही ‘शाया’ म्हटल्यावर टोकणारे शिक्षक अजून भेटतात. त्या मुलांनाही पुस्तकी मराठीतला ‘ळ’ पक्का ऐकू यायला हाच सराव चालतो, घरची बोली पुसून टाकायची गरज कुठेच पडत नाही.

‘ळ’ मार्गी लागला की ‘न-ण’ घ्या: मन-मण, घन-घण. त्यानंतर ‘च’ आणि ‘ज’. ते सगळ्यात अवघड आहेत, कारण ‘जग’ म्हणजे दुनिया आणि ‘जग’ म्हणजे जगण्याची आज्ञा हे दोन्ही लिहायला एकच. तिथे अक्षरं दाखवून भागत नाही, चित्रच लागतं.

बोलण्याबद्दल. पहिले दोन आठवडे कोणाच्या जिभेला हात लावू नका. ब्रॅडलो आणि सहकाऱ्यांच्या १९९७च्या अभ्यासात जपानी शिकणाऱ्यांनी ४५ सत्रं फक्त ऐकण्याचा सराव केला, उच्चार कोणी शिकवला नव्हता, तरी त्यांचे ‘र-ल’ अमेरिकन श्रोत्यांना आधीपेक्षा स्पष्ट वाटले. सगळ्यांचा उच्चार सारखा सुधारत नाही, म्हणून तिसऱ्या आठवड्यात जीभ वळवण्याचं तुमचं प्रात्यक्षिक दाखवाच. तोपर्यंत त्यांना स्वतःचा ‘ळ’ चुकला की बरोबर आला हे स्वतःच्या कानाने कळायला लागलेलं असेल. त्यांना स्वतःचेच शब्द मोबाइलवर रेकॉर्ड करायला सांगा आणि एकमेकांच्या ‘काल-काळ’वर बोट ठेवायला लावा. तीन महिन्यांनी राखून ठेवलेल्या आवाजांची तीच ४० शब्दांची परीक्षा पुन्हा घ्या आणि ‘ल’चे आणि ‘ळ’चे आकडे मला वेगवेगळे पाठवा. कोणाला आणखी एक आठवडा द्यायचा ते त्यावरून ठरवता येईल.